तिरोडीचे मैदान

तुमसर रोड स्थानकावर मुंबई-हावडा हा थोरला लोहमार्ग सोडून उत्तरेकडे एक शाखा फुटते. ही शाखा मुळात माणसांकरिता नव्हे, तर मँगनीजकरिता घातलेली. गोबरवाही, डोंगरी बुजुर्ग अशी खाणींच्या परिसरातील स्थानके मागे टाकीत गाडी भंडारा जिल्ह्याची हद्द ओलांडते आणि मध्यप्रदेशातील बालाघाट जिल्ह्यात शिरते. हद्द नेमकी कोठे संपली हे खिडकीत बसलेल्या प्रवाशास कळत नाही. तीच धानाची शेते, तीच मोहाची व सागाची झाडे, तीच तांबूस माती. डब्यातील बायाबापड्यांचे बोलणेही तेच: थोडी मराठी, थोडी पोवारी, थोडी हिंदी, आणि मधूनच गोंडी. मग केव्हातरी काळसर मातीचे उंच ढिगारे दिसू लागतात आणि शेजारचा प्रवासी म्हणतो, "आली तिरोडी."

आमच्या धर्मग्रामातील एक कुटुंब दोन पिढ्यांपासून तेथे राहते. आजोबा खाणीच्या कामासाठी गेले, ते तेथलेच झाले. त्यांच्या नातवाचा, म्हणजे घरातील थोरल्या मुलाचा, काही प्रश्न उपस्थित झाला होता. तेव्हा "फादर, एकदा येऊन जा" असा निरोप आला आणि नाताळानंतरच्या आठवड्यात आमचे जाणे झाले. त्या प्रवासाची हकीकत वाचकांस सांगावी असे वाटले. कारण जो प्रश्न त्या घरात होता तो आज आपल्याही पुष्कळ घरांत आहे.

प्रथम गावाविषयी. भूगोलाच्या नकाशावर तिरोडी हा एक ठिपका असला, तरी खनिजशास्त्राच्या ग्रंथांत त्याचे नाव कोरलेले आहे. येथील खडकांत सापडलेल्या एका मँगनीजयुक्त खनिजास १९३८ साली शास्त्रज्ञांनी या गावावरून 'तिरोडाइट' असे नाव दिले. विसाव्या शतकाच्या आरंभापासून येथे मँगनीज निघत आहे. पूर्वी हा धंदा विलायती कंपनीच्या हाती होता. १९६२ साली त्या कंपनीच्या जागी मँगनीज ओअर इंडिया ही कंपनी आली आणि १९७७ साली ती पूर्णपणे सरकारी झाली. आज तिला 'मॉइल' म्हणतात व तिची कचेरी नागपुरास आहे. तिरोडीची खाण उघडी आहे. भूमिगत खाणीत जशी माणसे पाळण्यातून पाताळात उतरतात, तसे येथे नाही. वरचा माती-मुरुमाचा थर काढून पायऱ्यापायऱ्यांनी डोंगर खणत जातात, सुरुंग लावतात, आणि काळा, जड दगड निवडून बाहेर काढतात. हा दगड हातात घेतला तर आकाराच्या मानाने त्याचे वजन पाहून आश्चर्य वाटते आणि तळहातावर काजळासारखा डाग राहतो. पोलादास कणखरपणा आणण्यासाठी याच्यावाचून चालत नाही. आपण ज्या रुळांवरून जातो, ज्या पुलाखालून जातो, त्या पोलादात अशा एखाद्या गावाचा घाम मिसळलेला असतो, हे सहसा आपल्या ध्यानी येत नाही.

सायंकाळी यजमान आम्हांस फिरावयास घेऊन गेले. वसाहतीच्या कडेस एक मोकळे मैदान आहे. गवत नाहीच, नुसती कठीण जमीन आणि तीवर राखेसारखी काळसर धूळ. दोन्ही टोकांस बांबूचे खांब रोवलेले. वीस-बावीस मुले फुटबॉल खेळत होती. काहींच्या पायांत बूट, काहींच्या चपला, काही अनवाणी. धूळ इतकी उडे की, चेंडू कोठे आहे हे मुलांच्या धावण्यावरूनच ओळखावे लागे. यजमानांचा मुलगा त्यांत होता. वय एकोणीस. अंगकाठी बेताचीच, परंतु चेंडू त्याच्या पायाशी आला की खेळ क्षणभर मंदावल्यासारखा वाटे. आम्हांस खेळातले फारसे कळत नाही. तथापि एवढे कळले की, हा मुलगा इतरांहून निराळा आहे. त्याचे वडील मात्र मैदानाकडे पाठ करून आमच्याशी धानाच्या भावाविषयी बोलत उभे होते.

रात्री जेवणे झाल्यावर विषय निघाला. नागपूरच्या एका संघाने मुलास हंगामासाठी बोलावले होते. बूट मिळणार, प्रवासखर्च मिळणार, चौघांत मिळून एक खोली मिळणार. पगार मात्र नाही. इकडे वडिलांनी एका कंत्राटदाराकडे त्याच्यासाठी काम ठरवून ठेविले होते. एक तारखेस हजर व्हायचे. ती तारीख चार दिवसांवर आली होती.

"फादर, तुम्हीच समजवा याला," वडील म्हणाले. "माझं ऐकणं त्यानं कधीच सोडलं."

"मी काय चोरी करायला चाललो का?" मुलगा खाली मान घालून म्हणाला. आई चुलीजवळ भांडी आवरीत होती. ती काहीच बोलली नाही.

वडिलांनी मग आम्हांस सरळच विचारले, "फादर, तुम्ही शिकलेले आहात. आपल्या लोकांत फुटबॉल खेळून कोणाचं नाव झालं, एक तरी सांगा."

आम्ही एक नाव सांगितले: नेव्हिल डिसोझा.

त्या घरात ते कोणी ऐकले नव्हते. मुलानेही नाही. त्याला परदेशी संघांतील पंचवीस खेळाडूंची नावे पाठ होती. याचे आम्हांस वाईट वाटले, आणि म्हणून जे त्या रात्री सांगितले तेच येथेही सांगतो.

नेव्हिल यांचा जन्म १९३२ साली गोव्यात, बार्देशातील आसगाव या गावी झाला. गोवा त्या वेळी पोर्तुगीजांच्या अंमलाखाली होता. पुढे मुंबईच्या मैदानांवर त्यांचा खेळ बहरला. मुंबईत त्या काळी हारवूड लीग ही स्थानिक संघांची मोठी स्पर्धा चाले आणि १८९१ पासूनची रोव्हर्स करंडक स्पर्धा तर देशभर गाजलेली. कूपरेजच्या मैदानावर लोक गर्दी करीत. तेव्हाचे पुष्कळसे मोठे संघ गिरण्यांचे, कंपन्यांचे, बँकांचे वा रेल्वेचे. खेळाडूस वेतन मिळे ते खेळाचे नव्हे, तर नोकरीचे. कचेरीतून दोन तास लवकर सुटका, एवढीच काय ती सवलत. नेव्हिल टाटा स्पोर्ट्स क्लबकडून खेळत. १९५४ साली मुंबईने संतोष करंडक जिंकला. त्या वर्षांत मुंबईच्या आघाडीच्या फळीत त्यांचे नाव होते.

१९५६ साल उजाडले. या सालाची एक गोष्ट तिरोडीच्या माणसास निराळी सांगावी लागत नाही. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. तोवर नागपूर, भंडारा आणि बालाघाट एकाच राज्यात होते आणि नागपूर ही त्या राज्याची राजधानी होती. त्या दिवशी नागपूर-भंडारा मुंबई राज्यात गेले, बालाघाट मध्यप्रदेशात राहिले, आणि तुमसरच्या बाजाराला जाणारा तिरोडीचा माणूस परराज्यात जाऊ लागला. नेमक्या त्यानंतर एका महिन्याने, १ डिसेंबर १९५६ रोजी, ऑस्ट्रेलियातील मेलबर्न शहरी ऑलिंपिक सामन्यांत भारताची यजमान ऑस्ट्रेलियाशी गाठ पडली.

भारताचा पहिला सामना हंगेरीशी व्हायचा होता. परंतु त्या देशात उठाव होऊन रणगाडे रस्त्यांवर आले होते आणि त्यांचा फुटबॉल संघ उतरलाच नाही. म्हणून भारत एकदम उपउपान्त्य फेरीत पोहोचला. कर्णधार समर बॅनर्जी, शिक्षक हैदराबादचे सय्यद अब्दुल रहीम. नेव्हिल चोवीस वर्षांचे. नवव्या मिनिटास त्यांनी पहिला गोल केला. ऑस्ट्रेलियाने परतफेड केली. तेहतिसाव्या मिनिटास नेव्हिल यांनी दुसरा केला. ऑस्ट्रेलियाने पुन्हा बरोबरी साधली. मध्यंतरानंतर पन्नासाव्या मिनिटास त्यांनी तिसरा केला, आणि अखेरीस कृष्णस्वामींनी चौथा. चार विरुद्ध दोन असा भारत जिंकला. ऑलिंपिकमधील एका फुटबॉल सामन्यात तीन गोल करणारा नेव्हिल हा पहिला आशियाई खेळाडू. फुटबॉलमध्ये उपान्त्य फेरी गाठणारा भारत हा पहिला आशियाई देश. युगोस्लाव्हियाविरुद्ध उपान्त्य सामन्यातही पहिला गोल नेव्हिल यांचाच; पण पुढे प्रतिपक्षाने चार केले. अखेर चौथ्या क्रमांकावर समाधान मानावे लागले. संपूर्ण स्पर्धेत सर्वाधिक, म्हणजे चार, गोल करणाऱ्या तिघांत मात्र नेव्हिल होते.

मुलगा आता आमच्याकडे पाहत होता. वडीलही ऐकत होते.

येथे एक मौजेची गोष्ट आहे. तिसऱ्या क्रमांकासाठी बल्गेरियाशी भारताचा सामना ७ डिसेंबर रोजी मेलबर्न क्रिकेट मैदानावर झाला. त्याच दिवशी त्याच मैदानावर पाहुण्या देशांना दाखविण्यासाठी ऑस्ट्रेलियाने आपला स्वतःचा फुटबॉलही खेळून दाखविला. हा खेळ निराळाच आहे. त्याचे नियम १८५९ साली मेलबर्न येथेच लिहिले गेले. मैदान लंबगोल, चेंडूही लंबगोल, प्रत्येक बाजूस अठरा गडी. गोलाच्या जागी प्रत्येक टोकास चार खांब. मधल्या दोहोंतून चेंडू मारला तर सहा गुण, कडेच्या फटीतून गेला तर एकच. चेंडू हाती धरता येतो, मुठीने ठोसून साथीदाराकडे देता येतो, परंतु फेकता येत नाही. उंच उडी घेऊन दुसऱ्याच्या खांद्यावरून चेंडू झेलणे हे त्यातील मोठे कौशल्य. त्या दिवशी व्हिक्टोरियातील हौशी खेळाडूंच्या दोन संघांत सामना होऊन ८१ विरुद्ध ५५ असा निकाल लागला. गुणांचे हे आकडे ऐकून मुलास हसू आले.

या खेळाची तेथील घडण आपणांस समजण्याजोगी आहे. त्या देशात प्रत्येक राज्याची स्वतंत्र लीग होती: दक्षिण ऑस्ट्रेलियाची १८७७ पासून, पश्चिम ऑस्ट्रेलियाची १८८५ पासून, व्हिक्टोरियाची १८९७ पासून. राज्याच्या लीगमध्ये खेळणे हाच त्या काळी तरुणाचा परमोच्च मान. १९८० नंतर व्हिक्टोरियाची लीग हळूहळू साऱ्या देशाची झाली आणि इतर राज्यांच्या लीग दुसऱ्या पायरीवर उतरल्या. पण त्या बंद पडल्या नाहीत. आजही हजारो लोक आपल्या गावच्या, आपल्या उपनगराच्या संघासाठी शनिवारी मैदानावर जातात.

त्या राज्य-लीगमधील एका खेळाडूची कथा आम्हांस विशेष प्रिय आहे. ऑस्ट्रेलियाच्या उत्तरेस टिवी बेटे आहेत. तेथे मूळचे आदिवासी लोक राहतात. १९११ साली फादर गझेल यांनी त्यांपैकी बाथर्स्ट बेटावर मिशन स्थापिले आणि १९४१ च्या सुमारास तेथील मिशनऱ्यांनी मुलांस हा फुटबॉल शिकविला. मुलांनी तो असा काही आपलासा केला की, शिकविणारे मागे पडले. त्या बेटावरील डेव्हिड कँटिला हा तरुण डार्विन शहरातील सेंट मेरीज संघातून खेळता खेळता १९६१ साली दूर दक्षिणेस, अ‍ॅडलेडला गेला. बेटावरून आलेला, भाषा निराळी, वर्ण निराळा, आणि ज्या काळी आदिवासींस पुष्कळ ठिकाणी समान हक्कही नव्हते असा तो काळ. साउथ अ‍ॅडलेड हा त्याचा संघ. पहिल्या दोन्ही वर्षी तोच संघाचा उत्कृष्ट खेळाडू ठरला. १९६३ साली हा संघ तळाशी होता. १९६४ साली नील कर्ली यांच्या नेतृत्वाखाली त्याने अजिंक्यपद मिळविले. कँटिला त्या संघात होता. शंभराहून अधिक सामने खेळून तो आपल्या लोकांत परत गेला. त्याच्या मागून त्याच वाटेने टिवी मुले निघाली. मॉरिस रिओली याने पुढे पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या राज्य-लीगमधून मेलबर्न गाठले आणि १९८२ सालच्या अंतिम सामन्यात, आपला संघ हरूनही, सर्वोत्तम खेळाडूचे पदक पटकाविले.

"आणि त्या डिसोझाचं?" वडिलांनी विचारले. "पुढं काय झालं त्याचं?"

हा प्रश्न येणार हे आम्हांस ठाऊक होते, आणि याचे उत्तर टाळणे योग्य झाले नसते. नेव्हिल डिसोझा १९८० साली निवर्तले. पन्नाशीही गाठली नव्हती. खेळाडूंसाठी सरकारने अर्जुन पुरस्कार सुरू केला तो १९६१ साली. तोवर त्यांचा बहराचा काळ सरला होता आणि तो पुरस्कार त्यांच्या वाट्यास आला नाही. ज्या पराक्रमाची बरोबरी आजवर एकाही भारतीयाने ऑलिंपिकमध्ये केलेली नाही, तो करणाऱ्याचे नाव आज तिरोडीच्या मैदानावर माहीत नाही. कँटिलाही चाळिशीतच गेला.

खोलीत शांतता पसरली. वडील म्हणाले, "मग मी काय म्हणत होतो?" त्यांच्या स्वरात जिंकल्याचा आनंद नव्हता; उलट, आपले म्हणणे खरे ठरू नये असे त्यांना वाटत होते की काय, असे आम्हांस भासले.

तेव्हा आम्ही आमचे मत सांगितले. खेळाचे आयुष्य दहा-बारा वर्षांचे. माणसाचे त्याहून मोठे. यास्तव खेळ हेच पोटाचे साधन मानून घर सोडणे, हे वाळूवर भिंत बांधण्यासारखे आहे. परंतु नेव्हिलच्या काळचे खेळाडू कसे जगत, हे ध्यानात घ्यावे: दिवसा नोकरी, सायंकाळी मैदान. एक हात कामाला, एक हात खेळाला. आणि दुसरे असे की, एकोणीस वर्षांच्या अंगात जे बळ आहे ते एकोणतिसाव्या वर्षी परत मागून मिळत नाही. कंत्राटदाराचे काम पुढल्या वर्षीही मिळेल. हे बोलावणे कदाचित मिळणार नाही.

मग आम्ही मुलाकडे वळलो. "संघानं तुला पत्र दिलं आहे का?"

"नाही फादर. फोनवरच बोलले."

"तुझा पाय मोडला तर औषधपाणी कोण करणार? खोलीचं भाडं किती महिने देणार? सकाळच्या वेळी तू काय करणार?"

मुलाकडे यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर नव्हते. खरे सांगावयाचे तर, हे प्रश्न त्याला कोणी विचारलेच नव्हते. वडिलांनी 'नको' म्हटले होते, मित्रांनी 'जा' म्हटले होते. पण 'कसा' हे कोणीही विचारले नव्हते. आपल्या घरांत असे वारंवार घडते. मुलगा एखादी वाट दाखवितो. आपण होकार किंवा नकार देऊन मोकळे होतो. त्या वाटेवरचे खड्डे मात्र त्याच्याबरोबर बसून मोजीत नाही.

त्या रात्री आम्ही तिघे मिळून ते मोजले. एका कागदावर लिहून काढले: संघाने लेखी पत्र द्यावे, दुखापतीचा खर्च कोणाचा ते त्यात असावे, सकाळच्या वेळी मुलाने नागपुरात वीजकामाचे वा जोडाऱ्याचे शिक्षण घ्यावे, एक हंगाम संपल्यावर सर्वांनी पुन्हा बसून विचार करावा. खेळ जमला नाही तरी हातात विद्या राहील, आणि ती विद्या घेऊन खाणीवर परत यावे लागले तर त्यात कमीपणा नाही. कंत्राटदाराच्या मजुरापेक्षा तो दोन पायऱ्या वरच असेल. वडिलांनी कागद दोनदा वाचला. "पण पाय मोडला, आणि त्यांनी पैसे नाही दिले, तर?" त्यांनी पुन्हा विचारले.

चुलीजवळून आई पहिल्यानेच बोलली. "तर घरी घेऊन येऊ. खाणीत मोडला असता तर काय टाकून दिला असता?"

यावर कोणी काही बोलले नाही. वडिलांनी कागदाची घडी करून खिशात ठेवली.

दुसऱ्या दिवशी आम्ही सकाळच्या गाडीने निघालो. मुलगा स्थानकावर पोहोचवावयास आला होता. गाडीस अवकाश होता, म्हणून तो सांगू लागला की, येथील मुलांची एक विचित्र अडचण आहे. जवळचे मोठे शहर नागपूर. पण राज्य निराळे. आपल्या राज्याच्या संघाची निवड व्हायची ती दूर जबलपूर, भोपाळ वा इंदुरास. "आम्ही कुठले फादर? इकडचे का तिकडचे?" आम्ही म्हटले, "बाळा, पोर्तुगीजांच्या गोव्यात जन्मलेला मुलगा मुंबईकडून आणि भारताकडून खेळला. बेटावरचा मुलगा अ‍ॅडलेडकडून खेळला. चेंडू मारताना तू कुठला, हे कोणी विचारीत नाही. चेंडू कुठे गेला तेवढे पाहतात." तो हसला. पण त्याचा प्रश्न खरा होता आणि आमचे उत्तर अपुरे होते, हे गाडीत बसल्यावर आमच्या ध्यानी आले. निवडीचे नियम चेंडू पाहून होत नाहीत. सीमेवरच्या मुलास एक दार जवळ आणि एक दार दूर असते, व पुष्कळदा दोन्ही अर्धवटच उघडी असतात.

हे लिहीत असताना त्याच्याविषयी कळले ते असे: संघाने चार ओळींचे का होईना, पत्र दिले. दुखापतीच्या खर्चाचा निम्मा भार उचलण्याचे त्यात कबूल केले आहे. मुलगा सकाळी जोडारीकाम शिकतो. पहिल्या दोन सामन्यांत त्याला राखीव म्हणून बाकावर बसावे लागले. तिसऱ्यात शेवटची वीस मिनिटे मिळाली. गोल वगैरे काही झाला नाही. वडिलांनी मात्र त्या दिवशी पाळी बदलून घेतली, तिरोडीहून गाडीने नागपूर गाठले आणि सामना उभ्याने पाहिला, असे त्याच्या आईने कळविले आहे. मैदानाकडे तोंड करून.